थिओ अँजेलोपुलोस : होमर, सेफेरिस आणि सोलोमोसला पडद्यावर आणणारा दिग्दर्शक

डिसेंबर १९४४. जर्मन सैन्य ग्रीस सोडून गेले होते, पण अथेन्समध्ये शांतता नव्हती. जर्मनांविरुद्ध लढलेले डावे गनिमी सैनिक आणि ब्रिटिशांचा पाठिंबा असलेले सरकार यांच्यात रस्त्यारस्त्यांवर गोळीबार चालू होता. या धुमश्चक्रीत डाव्या गटाच्या लोकांनी एका सामान्य दुकानदाराला घरातून उचलून नेले. तो परत येईना, तेव्हा त्याची बायको आपल्या नऊ वर्षांच्या मुलाचा हात धरून शहराबाहेर मोकळ्या जागेत टाकलेल्या प्रेतांमध्ये नवऱ्याचा चेहरा शोधत फिरली. तो सापडला नाही. बऱ्याच दिवसांनी तो स्वतःच चालत घरी आला.

तो मुलगा म्हणजे थिओ अँजेलोपुलोस. पुढे जगातल्या मोठ्या दिग्दर्शकांमध्ये त्यांची गणना झाली आणि १९९८ मध्ये कान महोत्सवात त्यांना 'पाम द'ओर' हा सर्वोच्च पुरस्कार मिळाला. हरवलेला बाप, परत येणारा बाप आणि परत आल्यावर ओळखू न येणारा बाप ही माणसे त्यांच्या चित्रपटांत पुन:पुन्हा येतात. वडिलांचे नाव स्पिरोस, आईचे कातेरिना आणि लहानपणीच वारलेल्या बहिणीचे वुला. ही तिन्ही नावे त्यांच्या पात्रांना मिळाली आहेत.

तरीही त्यांच्या सिनेमाला निव्वळ आत्मचरित्र म्हणता येत नाही. घरातली ही गोष्ट सांगायला त्यांनी होमर, एस्किलस, कवाफी, सेफेरिस, सोलोमोस आणि रिल्के यांचा आधार घेतला. साहित्यावर आधारित चित्रपट पुष्कळ निघतात. कादंबरी घ्यायची आणि तिची पटकथा करायची. अँजेलोपुलोस यांनी हे जवळपास कधीच केले नाही. कवितेचा त्यांनी नेमका काय उपयोग केला, हे समजून घेतले की त्यांचे एरवी अवघड वाटणारे चित्रपट बरेच सोपे होतात.

कायद्याचा विद्यार्थी सिनेमाकडे कसा वळला?

अँजेलोपुलोस यांचा जन्म २७ एप्रिल १९३५ रोजी अथेन्समध्ये झाला. युद्धानंतरच्या काळात त्यांनी पाहिलेला पहिला चित्रपट मायकेल कर्टिझ यांचा 'एंजल्स विथ डर्टी फेसेस' असल्याचे ते सांगत. त्यात मृत्युदंडाकडे नेल्या जाणाऱ्या गुंडाची भिंतीवरची सावली आणि त्याची किंकाळी त्यांच्या डोक्यात कायमची बसली. पण महत्त्वाकांक्षा सिनेमाची नव्हती. तरुणपणी ते कविता लिहीत आणि कायदा शिकत. पदवी न घेताच त्यांनी शिक्षण सोडले, लष्करी सेवा पुरी केली आणि पॅरिस गाठले. तिथे 'इदेक' या नामांकित चित्रपटशाळेत प्रवेश मिळाला, पण शिक्षकाशी वाजल्यामुळे हाकलपट्टीही झाली. मग माहितीपटकार जाँ रूश यांच्याकडे त्यांनी काही काळ उमेदवारी केली.

१९६४ मध्ये ते ग्रीसला परतले आणि एका डाव्या दैनिकात चित्रपट समीक्षा लिहू लागले. २१ एप्रिल १९६७ रोजी लष्करातल्या कर्नल मंडळींनी सत्ता बळकावली आणि ते दैनिक बंद झाले. नोकरी गेलेल्या या समीक्षकाने मग स्वतःच कॅमेऱ्यामागे उभे राहायचे ठरवले. म्हणजे त्यांच्या कारकिर्दीची पहिली वर्षे सेन्सॉरशिपच्या काळातली आहेत, आणि त्यांच्या शैलीचा उगम काही प्रमाणात तरी तिथेच आहे.

पहिल्याच चित्रपटात ग्रीक शोकांतिका कशी आली?

१९७० मधला 'रिकन्स्ट्रक्शन' हा कृष्णधवल चित्रपट एका खऱ्या खुनावर बेतलेला आहे. उत्तर ग्रीसमधल्या एपिरस भागातले दगडी घरांचे खेडे. कामधंद्यासाठी माणसे जर्मनीला गेल्याने ते ओस पडत चालले आहे. असाच एक जण घरी परततो, तर त्याचा मुलगा त्याला ओळखत नाही. पुढे बायको आणि तिचा प्रियकर मिळून त्याचा खून करतात.

इथे ग्रीक वाचकाला दुसरी एक गोष्ट आठवल्याशिवाय राहत नाही. एस्किलसने इसवी सनपूर्व ४५८ मध्ये 'ओरेस्टिया' ही नाट्यत्रयी सादर केली. ट्रॉयचे युद्ध जिंकून परतलेल्या राजा अगामेम्नॉनला त्याची राणी क्लायटेम्नेस्ट्रा आणि तिचा प्रियकर एजिस्थस ठार करतात. मग मुलगी इलेक्ट्रा आणि मुलगा ओरेस्टिस त्या खुनाचा सूड घेतात. अँजेलोपुलोस यांच्या खेड्यातला अगामेम्नॉन राजा नाही, परदेशात राबलेला मजूर आहे.

पण चित्रपटाचे बळ या साम्यात नाही. पोलीस, न्यायाधीश आणि पत्रकार खुनाची पुनर्रचना करून पाहतात, आणि खून मात्र आपल्याला दिसतच नाही. तो दाराआड होतो. कॅमेरा बाहेर अंगणात थांबून राहतो. हेही मूळचे ग्रीक रंगभूमीचे वळण. तिथे हत्या रंगमंचावर दाखवत नसत, प्रेक्षकाला फक्त आवाज ऐकू येई. अँजेलोपुलोस यांनी शोकांतिकेकडून कथानकाबरोबर ही आडोशाची रीतही उचलली. पुढे हुकूमशाहीत ती फारच कामी आली.

१९७२ च्या 'डेज ऑफ '३६' या चित्रपटात १९३६ मधल्या मेटाक्सास हुकूमशाहीच्या उंबरठ्यावरचा काळ आहे. शीर्षक पाहताच कवाफीच्या, वर्षांची नावे असलेल्या कविता आठवतात. या चित्रपटात महत्त्वाचे सगळे बंद दारांमागे घडते. माणसे कुजबुजतात, फोनवर अर्धवट बोलतात. समोर १९३६ होते आणि राज्य १९६७ वाल्यांचे होते. प्रेक्षकांना काय समजायचे ते समजत होते आणि सेन्सॉरला बोट ठेवायला जागा नव्हती.

'द ट्रॅव्हलिंग प्लेयर्स' इतका महत्त्वाचा का मानतात?

ज्यांना अँजेलोपुलोस यांचा एकच चित्रपट पाहायचा आहे, त्यांना सहसा 'इटर्निटी अँड अ डे' सुचवला जातो. तो सोपा आहे, म्हणून. पण त्यांची खरी झेप १९७५ च्या 'द ट्रॅव्हलिंग प्लेयर्स'मध्ये दिसते.

एक फिरती नाटक मंडळी गावोगाव 'गोल्फो' नावाचे जुने, लोकप्रिय नाटक करत हिंडते. धनगरपोरीच्या फसलेल्या प्रेमाचे हे भाबडे नाटक एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस लिहिले गेले. मंडळींचा प्रयोग सुरू होतो आणि दर वेळी काहीतरी होऊन तो अर्धवट राहतो. कधी विमानांचा हल्ला, कधी अटक, कधी गोळीबार. १९३९ ते १९५२ या वर्षांतला ग्रीस असा या नाटकाच्या मध्ये घुसत राहतो: मेटाक्सासची राजवट, इटलीचे आक्रमण, जर्मन ताबा, १९४४ चा रक्तरंजित डिसेंबर, १९४६ ते १९४९ चे यादवी युद्ध आणि त्यानंतरची उजव्यांची सत्ता.

मंडळींच्या आतही एक नाटक चालू आहे. कुटुंबप्रमुखाला त्याच्या बायकोचा प्रियकर जर्मनांच्या हाती देतो आणि गोळ्या घालून त्याला मारले जाते. मुलगी सूडाची वाट पाहते. डाव्या गनिमांत गेलेला मुलगा एके रात्री परत येतो, थेट रंगमंचावर चढतो आणि प्रयोग चालू असताना आई व तिच्या प्रियकराला गोळ्या घालतो. पडदा पडतो. प्रेक्षक टाळ्या वाजवतात, कारण त्यांना तो नाटकाचाच भाग वाटतो. मुलाचे नाव ओरेस्टिस आहे, हे सांगायला नकोच.

चित्रीकरणाची सुरुवात लष्करी राजवट असतानाच झाली होती. डाव्यांचा इतिहास डाव्यांच्या बाजूने सांगणारा चित्रपट त्या काळात काढणे म्हणजे तुरुंगाला आमंत्रण. पण आपण 'ओरेस्टिया'ची कथा जर्मन ताब्याच्या काळात बसवून चित्रपट करतो आहोत, असे अधिकाऱ्यांना सांगणे शक्य होते, आणि ते खोटेही नव्हते. एस्किलसच्या नाटकाला आक्षेप कोण घेणार? पुराणकथा इथे अलंकार नव्हती, ओळखपत्र होती. जुलै १९७४ मध्ये राजवट कोसळली आणि चित्रपट मोकळ्या हवेत पुरा झाला. तरीही नव्या लोकशाही सरकारने तो देशाची अधिकृत प्रवेशिका म्हणून कानला पाठवायला नकार दिला. तिथल्या समांतर विभागात तो दाखवला गेला आणि आंतरराष्ट्रीय समीक्षकांचे पारितोषिक घेऊन आला.

एकाच शॉटमध्ये सहा वर्षे कशी उलटतात?

'द ट्रॅव्हलिंग प्लेयर्स' सुमारे २३० मिनिटांचा आहे आणि त्यात शॉट आहेत जेमतेम ऐंशीच्या आसपास. म्हणजे एक शॉट सरासरी तीन मिनिटांच्या जवळ जातो. एरवीच्या चित्रपटात दर काही सेकंदांनी दृश्य बदलते. अँजेलोपुलोस कॅमेरा थांबवत नाहीत. तो सावकाश सरकतो, वळतो, कधी पूर्ण गोल फिरून मूळ जागी येतो. त्यांचे छायालेखक योर्गोस अर्वानितिस जवळपास तीस वर्षे त्यांच्यासोबत होते आणि या फिरत्या नजरेचे निम्मे श्रेय त्यांना द्यायला हवे.

या रीतीचा सगळ्यात धाडसी वापर असा आहे. १९४६ च्या नववर्षाच्या रात्री एका नाचघरात डावे आणि राजेशाहीवादी तरुण गाण्यांनी एकमेकांना भिडतात. गाण्याला गाणे, चालीला चाल. शेवटी पिस्तूल निघते आणि हॉल उजव्यांच्या ताब्यात राहतो. पहाटे ते बाहेर पडतात आणि रस्त्याने गात चालू लागतात. कॅमेरा त्यांच्यासोबत चालतो. चालता चालता त्यांची पावले लष्करी शिस्तीत पडू लागतात, आणि ती टोळी जिथे पोहोचते ती १९५२ ची निवडणूक सभा असते. मध्ये कट नाही. नाचघरातली गुंडगिरी सहा वर्षांनी सरकार कशी होते, हे सांगायला इतिहासकाराला प्रकरण लिहावे लागेल. इथे एक रस्ता पुरतो.

कवितेशी असलेले नाते इथेच अधिक खरे आहे. कवितेत एका ओळीत ट्रॉय असू शकते आणि पुढच्या ओळीत आजचे बंदर, मध्ये 'तीन हजार वर्षांनंतर' असे लिहावे लागत नाही. योर्गोस सेफेरिस या कवीची हीच पद्धत होती. १९०० मध्ये स्मिर्नाजवळ जन्मलेल्या सेफेरिस यांचे गाव १९२२ च्या आशिया मायनरमधल्या पराभवात हातचे गेले. तिथले ग्रीक लाखोंच्या संख्येने निर्वासित झाले. १९३५ च्या 'मिथिस्तोरिमा' या दीर्घकवितेत त्यांनी ओडिसियस आणि अर्गोनॉट यांचे समुद्रप्रवास आणि आपल्या काळातल्या निर्वासितांची भटकंती अशी मिसळली की कोण कुठल्या काळातला ते वेगळे काढता येत नाही. १९६३ मध्ये त्यांना नोबेल मिळाले. १९६९ मध्ये त्यांनी लष्करी राजवटीचा जाहीर निषेध केला आणि सप्टेंबर १९७१ मधली त्यांची अंत्ययात्रा राजवटीविरुद्धचा मोठा मोर्चा ठरली. लोक त्यांचीच, थिओदोराकिसने चाल लावलेली, बंदी असलेली कविता गात चालले होते.

म्हणून अँजेलोपुलोस यांच्या पिढीसाठी सेफेरिस हा केवळ पाठ्यपुस्तकातला कवी नव्हता. सेफेरिसच्या कवितेत जागोजागी तुटके पुतळे आहेत. त्यांचे ओझे होते आणि ते खाली ठेवताही येत नाहीत. अँजेलोपुलोस यांच्या 'लँडस्केप इन द मिस्ट'मध्ये थेसालोनिकीच्या समुद्रातून एक प्रचंड दगडी हात वर येतो आणि हेलिकॉप्टर तो उचलून शहरावरून घेऊन जाते. त्या हाताची तर्जनी तुटलेली आहे. दिशा दाखवणारे बोटच नाही. कवितेतली प्रतिमा जशीच्या तशी उचललेली नाही, पण कूळ तेच.

राजकारणाकडून माणसांकडे वळण कधी आले?

१९७७ च्या 'द हंटर्स'मध्ये शिकारी मंडळींना बर्फात एका गनिमाचे प्रेत सापडते. यादवी युद्ध संपून सत्तावीस वर्षे झालेली, पण प्रेतातून निघणारे रक्त ताजे! प्रतिष्ठित होऊन बसलेल्या या मंडळींना त्या प्रेताचे काय करावे ते कळत नाही. १९८० मध्ये 'अलेक्झांडर द ग्रेट' आला. नावावरून वाटते तसा तो सिकंदराचा चित्रपट नाही, लोककथेतल्या मुक्तिदात्याचा हुकूमशहा कसा होतो त्याची गोष्ट आहे. पहिला मोठा टप्पा इथे संपतो.

पुढच्या टप्प्यावर दोन नवे सहकारी आले आणि दोघांनी सूर बदलला. संगीतकार एलेनी कारैंद्रू आणि इटालियन पटकथाकार तोनिनो ग्वेरा. ग्वेरा यांनी अँतोनिओनी, फेलिनी आणि तारकोव्हस्की यांच्यासाठी लिहिले होते. पण त्याआधी ते कवी होते, आपल्या रोमान्या प्रांताच्या बोलीत लिहिणारे.

या टप्प्याचा पहिला चित्रपट 'व्हॉयेज टू सिथेरा' १९८४ चा. यादवीत हरल्यावर हजारो डावे सैनिक सोव्हिएत संघात आणि पूर्व युरोपात पळाले होते. १९८० च्या दशकाच्या सुरुवातीला त्यांना परत यायची मुभा मिळाली. बत्तीस वर्षांनी परतलेला म्हातारा स्पिरोस हा या चित्रपटाचा ओडिसियस. घरी बायको कातेरिना वाट पाहत थांबली आहे, पण त्याची इथाका आता शिल्लक नाही. गावकऱ्यांना जमीन विकायची आहे, आणि हा एकटा आडवा येतो. सरकारी कागदांवर तो कोणत्याच देशाचा नाही. शेवटी अधिकारी त्याला आंतरराष्ट्रीय हद्दीतल्या समुद्रात एका तराफ्यावर ठेवून देतात. बायको स्वतःहून त्याच्याजवळ जाते. पहाटेच्या धुक्यात दोघे तराफ्यावर उभे, तराफा वाहत चाललेला. स्पिरोसची भूमिका करणारे मानोस कात्राकिस हे स्वतः डाव्या विचारांमुळे माक्रोनिसोससारख्या बेटांवर बंदिवास भोगलेले नट. चित्रपटाला कानमध्ये पटकथेचे पारितोषिक मिळाले आणि त्याच वर्षी कात्राकिस गेले.

होमरच्या महाकाव्यात परतीचा प्रवास कठीण आहे, पण घर जागेवर आहे. अँजेलोपुलोस यांनी नेमके हेच उलटे केले, आणि त्यानंतरच्या प्रत्येक चित्रपटात ते उलटेच राहिले.

१९८६ च्या 'द बीकीपर'मध्ये मार्चेल्लो मास्त्रोयानी यांचा निवृत्त शिक्षक मधमाश्यांच्या पेट्या घेऊन फुलांमागे देशभर फिरतो. १९८८ च्या 'लँडस्केप इन द मिस्ट'मध्ये वुला आणि तिचा धाकटा भाऊ अलेक्झांडर ही दोन मुले जर्मनीत असलेल्या, कदाचित कुठेच नसलेल्या, बापाला शोधायला आगगाडीत बसतात. होमरमध्येही मुलगा टेलेमेकस बापाला शोधायला निघतो. त्याच्यासोबत देवी अथेना असते. या मुलांसोबत कोणी नाही. वाटेत भेटणारा तरुण ओरेस्टिस थोडी साथ करतो. रिल्केच्या 'दुइनो एलिजी'तला देवदूतांच्या सेनेला मारलेल्या हाकेचा संदर्भ त्याच्याच तोंडी येतो. जुनी नाटक मंडळी इथे पुन्हा दिसते, पण आता तिला कुठे नाटकगृह मिळत नाही. ती समुद्रकाठी दोरीवर आपले कपडे टांगून विकायला काढते. वुलावर ट्रकमध्ये होणारा अत्याचार कॅमेरा दाखवत नाही. ट्रकच्या मागच्या ताडपत्रीकडे पाहत तो असह्य वाटेपर्यंत थांबतो, शेजारून गाड्या जात राहतात. 'रिकन्स्ट्रक्शन'मधले बंद दार इथे ताडपत्रीचे झाले आहे.

सीमा आणि निर्वासित

१९९१ च्या 'द सस्पेंडेड स्टेप ऑफ द स्टॉर्क'मध्ये एका सीमेवरच्या गावात निर्वासित अडकून पडलेले आहेत. एक लष्करी अधिकारी पुलावरच्या रेषेपाशी बगळ्यासारखा एक पाय उचलून उभा राहतो. पाऊल पुढे पडले तर दुसरा देश, किंवा गोळी. याच चित्रपटात नदीच्या एका काठावर नवरी आणि दुसऱ्या काठावर नवरा असे लग्न लागते. पहारेकरी येण्याआधी, एकही शब्द न बोलता. चित्रीकरण फ्लोरिना भागात चालले असताना तिथल्या बिशपांनी चित्रपटाला कडाडून विरोध केला आणि दिग्दर्शकाला धर्मबहिष्कृत केले.

१९९५ चा 'युलिसिस गेझ' या धाग्यातला सर्वांत महत्त्वाकांक्षी चित्रपट. बाल्कनमधले पहिले चित्रपटकार मानाकी बंधू यांनी विसाव्या शतकाच्या सुरुवातीला टिपलेली, पण कधीच धुतली न गेलेली तीन रिळे शोधत एक दिग्दर्शक अल्बानिया, मॅसिडोनिया, रुमानिया असे करत युद्ध चालू असलेल्या सारायेव्होत पोहोचतो. हार्वी कायटेल यांनी हा ओडिसियस केला. वाटेत भेटणाऱ्या चार स्त्रिया एकाच नटीने, माया मोर्गेनस्टर्न यांनी, उभ्या केल्या आहेत, जणू कॅलिप्सो आणि पेनेलपी यांचा चेहरा एकच. सुरुवातीला प्लेटोच्या 'अल्किबियाडिस' संवादातले, आत्म्याने स्वतःला कसे ओळखावे याविषयीचे वाक्य येते. सेफेरिसने 'मिथिस्तोरिमा'तल्या अर्गोनॉटांच्या भागाची सुरुवात याच वाक्याने केली होती.

लेनिनचा तुकड्या-तुकड्यांचा अवाढव्य पुतळा तराफ्यावर आडवा होऊन डॅन्यूबमधून जातो आणि काठावरचे लोक छातीवर क्रूस काढतात, ते दृश्य विसरता येत नाही. पण खरे सांगायचे तर चित्रपट जागोजागी स्वतःच्या वजनाखाली दबतो. कायटेल यांच्या तोंडचे इंग्रजी संवाद कवितेसारखे ऐकू यावेत म्हणून लिहिलेले वाटतात, आणि कविता नेमकी तिथेच निसटते. चित्रीकरणाच्या काळात एक मोठी भूमिका करणारे इटालियन नट जान मारिया वोलोंते यांचे फ्लोरिनात निधन झाले. ती भूमिका मग एर्लांड योसेफसन यांनी केली. कानमध्ये चित्रपटाला दुसऱ्या क्रमांकाचे पारितोषिक मिळाले, पहिले एमिर कुस्तुरित्सा यांच्या 'अंडरग्राउंड'ला. अँजेलोपुलोस यांनी नाराजी लपवली नाही. मंचावर दोन वाक्ये बोलून ते उतरले.

शब्द विकत घेणारा कवी कोण होता?

तीन वर्षांनी पहिले पारितोषिक मिळाले ते 'इटर्निटी अँड अ डे'ला. यात कवी थेट पडद्यावर अवतरतो.

दियोनिसियोस सोलोमोस यांचा जन्म १७९८ मध्ये झाकिंथोस बेटावर झाला. बाप इटालियन वळणाचा सरदार, आई त्याच्या घरातली मोलकरीण. लहानपणीच इटलीत शिकायला गेलेल्या या मुलाने पहिल्या कविता इटालियनमध्ये लिहिल्या. १८१८ मध्ये तो बेटावर परतला आणि पुढे ग्रीसमध्ये तुर्कांविरुद्ध स्वातंत्र्ययुद्ध पेटले. त्याला त्या युद्धाचे गाणे लिहायचे होते, पण आईची भाषा त्याला धड येत नव्हती. कथा अशी सांगतात की तो लोकांकडून शब्द गोळा करत हिंडे आणि ऐकलेल्या प्रत्येक नव्या शब्दाचे पैसे मोजे. १८२३ मध्ये त्याने लिहिलेल्या 'स्वातंत्र्याच्या स्तोत्रा'ची १५८ कडवी आहेत. पहिली दोन आज ग्रीसचे राष्ट्रगीत आहेत. मिसोलोंगीच्या वेढ्यावरची 'द फ्री बिसीज्ड' ही त्याची मोठी कविता मात्र अनेक वर्षे लिहूनही पुरी झाली नाही. १८५७ मध्ये तो गेला तेव्हा मागे तुकडे उरले.

यातली मेख कळायला ग्रीकांचे भाषेचे भांडण माहीत हवे. ग्रीस स्वतंत्र झाल्यावर सरकार, न्यायालये आणि शाळा यांनी प्राचीन ग्रीकच्या वळणाची एक 'शुद्ध' भाषा स्वीकारली. घरात बोलायची लोकभाषा वेगळी. कवी बहुतेक लोकभाषेच्या बाजूचे. कर्नलांची राजवट शुद्ध भाषेची भोक्ती होती. ती गेल्यावर १९७६ मध्ये कुठे लोकभाषा अधिकृत झाली. सोलोमोस हा या लोकभाषेच्या कवितेचा मूळपुरुष, म्हणून शब्दांना पैसे मोजण्याची कथा ग्रीकांना इतकी जिव्हाळ्याची.

चित्रपटात ब्रुनो गांझ यांनी केलेला अलेक्झांड्रोस हा वृद्ध लेखक सोलोमोसची अपुरी कविता पुरी करायच्या नादात आहे. त्याला असाध्य आजार आहे आणि उद्या रुग्णालयात दाखल व्हायचे आहे. शेवटच्या मोकळ्या दिवशी त्याला चौकात गाड्यांच्या काचा पुसणारा एक अल्बानियन मुलगा भेटतो. पोलिसांपासून आणि मुले विकणाऱ्यांपासून पळणारा. लेखक त्याला शब्द विकत घेणाऱ्या कवीची गोष्ट सांगतो. मग मुलगा त्याला शब्द आणून देऊ लागतो, नाणे घेऊन. त्यातला एक शब्द परका, सगळीकडे उपराच राहिलेला माणूस अशा अर्थाचा आहे. ज्याला ग्रीस नको आहे असा निर्वासित पोर ग्रीक लेखकाला त्याच्याच भाषेचे शब्द पुरवतो, आणि दोनशे वर्षांपूर्वी परक्या भाषेत वाढलेल्या पोराने ग्रीसला राष्ट्रगीत दिले होते. अँजेलोपुलोस हे कुठे बोलून दाखवत नाहीत. रात्रीच्या बसमध्ये लाल झेंडा घेतलेला थकलेला तरुण चढतो, वाजवणारे तिघे चढतात, उतरतात, आणि मग उंच टोपी घातलेला सोलोमोस येऊन बसतो. बसबाहेर पिवळे रेनकोट घातलेले सायकलवाले सोबतीला. मुलगा हे सगळे नवल म्हणून पाहत नाही, सहप्रवासी म्हणून पाहतो.

शेवटचा प्रवास कुठे थांबला?

नव्या शतकात त्यांनी विसाव्या शतकावर त्रयी हाती घेतली. २००४ च्या 'द वीपिंग मेडो'मध्ये १९१९ साली ओडेसाहून आलेले ग्रीक निर्वासित आहेत. केर्किनी सरोवराच्या कोरड्या पात्रात त्यांनी अख्खे गाव उभारले आणि पाणी चढल्यावर ते बुडताना चित्रित केले. कथेत ईडिपसच्या घराण्याची सावली आहे: यादवीत दोन भाऊ समोरासमोरच्या सैन्यांत, आणि मागे उरते ती आई एलेनी. 'द डस्ट ऑफ टाइम' या दुसऱ्या भागात विलम डॅफो, मिशेल पिकोली असे बडे नट होते, तरी तो फारसा पकड घेत नाही.

तिसरा भाग 'द अदर सी'. यात आर्थिक संकटाने गांजलेला वर्तमानातला ग्रीस येणार होता. २४ जानेवारी २०१२ रोजी पिरेयस बंदराजवळ चित्रीकरण चालू असताना अँजेलोपुलोस रस्ता ओलांडत होते. ड्युटीवर नसलेल्या एका पोलिसाच्या मोटरसायकलची त्यांना धडक बसली आणि त्याच रात्री रुग्णालयात त्यांचा मृत्यू झाला. वय ७६. दोन महिन्यांनी तोनिनो ग्वेराही गेले. सोलोमोसच्या कवितेसारखी ही त्रयीही अपुरीच आहे.